शेपटीत नस्तर, तोंडात शेवाळ

प्राण्यांच्या नावांचा मागोवा घेऊ लागलो की प्राण्यापेक्षा नाव ठेवणाऱ्याची नजरच अधिक कळते, असा माझा अनुभव आहे. सर्जनफिश हे त्याचे उत्तम उदाहरण. या माशाच्या शेपटीच्या बुडाशी दोन्ही बाजूंना धारदार काटा असतो. बहुतेक जातींत तो खाचेत मिटलेला असतो आणि शेपटीचा फटकारा बसताच उघडतो. नुसत्या हातांनी मासा धरणाऱ्याला त्याची धार ताबडतोब कळते. म्हणून तो ‘सर्जन’ झाला. त्याच्या हत्याराची अशी दखल लगेच घेतली गेली. तो दिवसभर तोंडाने काय करतो, हे नीट पाहायला विज्ञानाला आणखी जवळजवळ दोनशे वर्षे लागली.

शास्त्रीय नावाचा उगमही काट्यातच आहे. ‘ॲकॅन्थ्युरस’ म्हणजे ग्रीकमध्ये काटेशेपट्या. हे नाव पेटर फोर्सकॉल या निसर्गशास्त्रज्ञाचे. लिनियसचा हा शिष्य 1761मध्ये डेन्मार्कच्या राजाने धाडलेल्या अरबस्तानच्या मोहिमेवर गेला. तांबड्या समुद्राकाठी त्याने मासे जमवले. त्यांची कातडी वाळवून, वनस्पतींचे नमुने ठेवतात तशी, ती कागदावर चिकटवून ठेवली. असे काही मासे कोपनहेगनच्या संग्रहालयात आजही आहेत. तिथल्या एका सर्जनफिशला त्याने ‘सोहल’ हे अरबी नावच दिले. कपाळावर शिंग असलेल्या दुसऱ्याला ‘युनिकॉर्निस’ म्हटले. आज तो ‘नासो युनिकॉर्निस’ म्हणून ओळखला जातो. जुलै 1763मध्ये येमेनमधल्या यरीम गावी हिवतापाने फोर्सकॉल गेला. वय अवघे एकतीस.

पुढचा धागा आपल्या मुंबईतून जातो. मोहिमेतले सहाजण एकामागून एक मरत होते. चित्रकार आणि नोकर मुंबईच्या वाटेवर जहाजातच गेले. वैद्य क्रेमर मुंबईत पोचून 1764च्या फेब्रुवारीत वारला. उरला एकटा कार्स्टन नीबुर, पेशाने मोजणीदार. सप्टेंबर 1763 ते डिसेंबर 1764 तो मुख्यतः मुंबईत राहिला. त्याने घारापुरीच्या लेण्यांची मापे घेतली, चित्रे काढली. मायदेशी परतल्यावर, 1775मध्ये, त्याने मित्राची प्राणिवर्णने छापून काढली. घारापुरीच्या अभ्यासात नीबुरचे नाव येतेच; सर्जनफिशचे नावही त्याच्यामुळेच टिकले, हे मात्र आपल्याकडे फारसे कोणाला ठाऊक नाही.

माशाच्या तोंडाकडे लक्ष वेधणाऱ्यांत जॉन रँडल हा अमेरिकन मत्स्यशास्त्रज्ञ महत्त्वाचा. त्याने हवाईत या कुळाचा कसून अभ्यास केला. व्हर्जिन बेटांजवळ त्याला एक कोडे दिसले. प्रवाळखडकांभोवती समुद्री गवताची कुरणे, पण खडक आणि गवत यांच्यामध्ये उघड्या वाळूचा पट्टा. रँडलने गवतातच काँक्रीटच्या ठोकळ्यांचा कृत्रिम खडक रचला. मासे आसऱ्याला आले आणि काही काळाने त्याच्याभोवतीही तसाच पट्टा तयार झाला. पोपटमासे आणि सर्जनफिश आसऱ्यापासून फार दूर न जाता चरत होते. 1965मध्ये हे प्रसिद्ध झाले.

या चरण्याचे मोल कळायला कोकणातली बेणणी आठवावी. तण वेळेवर काढले नाही तर ते भाताला दाबून टाकते. प्रवाळाच्या पिल्लाला बसायला मोकळा खडक लागतो, आणि शेवाळ प्रवाळापेक्षा कितीतरी झपाट्याने वाढते. सर्जनफिशच्या कुळात या कामाची वाटणीही आहे. काही जाती शेवाळाचे आखूड लव कुरतडतात, काही खडकावरचा गाळ खरवडतात, तर नासो उंच वाढलेले शेवाळ तोडतो.

बेणणी थांबली तर काय होते, ते जमैकाने दाखवले. तिथे अतिमासेमारीने शेवाळ खाणारे मासे फार पूर्वीच विरळ झाले होते. लांब काट्यांचे काळे सी-अर्चिन त्यांचे काम करत होते, म्हणून कोणाच्या काही लक्षात आले नाही. 1980मध्ये ॲलन चक्रीवादळाने प्रवाळ मोडले. 1983च्या रोगात अर्चिन जवळजवळ नाहीसे झाले. मग शेवाळाला आवरणारे कोणी उरले नाही. टेरी ह्यूजने 1994मध्ये आकडे मांडले. 1977मध्ये तळाचा 52 टक्के भाग जिवंत प्रवाळाने व्यापलेला होता, नव्वदीच्या सुरुवातीला 3 टक्के. शेवाळ 4 टक्क्यांवरून 92 टक्क्यांवर गेले.

एक मरत असताना दुसरा त्याची जागा घेईल, या भरवशावर किती विसंबावे? ऑस्ट्रेलियातल्या लिझार्ड बेटाजवळ शेवाळ खाणाऱ्या माशांच्या जाती पुष्कळ. पण 2009मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीत सरगॅसम हे उंच शेवाळ तोडण्याचे बहुतेक काम एकटीच जात करताना आढळली. ती फोर्सकॉलची ‘युनिकॉर्निस’! त्याच वर्षी हवाईच्या माउई बेटावर काहेकिली इथे वेगळाच नियम झाला. इतर मासेमारी चालू, पण सर्जनफिश, पोपटमासे आणि अर्चिन यांना हात लावायचा नाही.

मासे समुद्र थंड करू शकत नाहीत. उष्णतेने प्रवाळ पांढरे पडतात, तिथे त्यांचा इलाज नाही. मात्र उष्म्यानंतर प्रवाळाला पुन्हा रुजायला जागा मोकळी ठेवणे त्यांना जमते. लक्षद्वीपच्या प्रवाळांनी 1998, 2010 आणि 2016चे उष्मे सोसले. तिथले कोळी प्रामुख्याने गळाने टुना धरत आले, त्यामुळे प्रवाळातले मासे मोठ्या प्रमाणावर वाचले आणि प्रवाळांना सावरायला त्यांचा हातभार लागला. आता त्या माशांनाही बाहेरचे गिऱ्हाईक मिळू लागले आहे. जमैकाने जे गमावल्यावर शिकले, ते लक्षद्वीपला अजून हातात असताना शिकता येईल. त्यासाठी बाजारात मासा तोलताना त्याच्या मांसाबरोबर त्याची बेणणीही हिशेबात धरावी लागेल.