वाटण्यांची बैठक

थोरल्याने वाटे घालायचे आणि धाकट्याने आधी उचलायचे. मराठवाड्यातल्या शेतकरी घरांतली ही जुनी रीत. वाटा कमी-जास्त पडला तर उणा थोरल्याच्याच पदरात येणार, म्हणून तो काळी आणि मुरमाड रानं नीट तोलतो. त्यानेही भागलं नाही तर चिठ्ठ्या टाकतात आणि त्या उचलायला घरातलं लहान लेकरू बसवतात.

हिंगोली जिल्ह्यात खरी कसोटी पाण्याची. वसमतची हळद आठ-नऊ महिने रानात उभी असते. विहिरीतला आठ आणे हिस्सा आणि मोटारीच्या पाळीचे दिवस बैठकीतच ठरले नाहीत, तर जमीन सारखी वाटूनही भाऊ भांडतात.

वाटणीमागचं शास्त्रही याच मुलखाच्या शेजारचं. मुलाला वडिलार्जित मालमत्तेत जन्मतःच हक्क देणारी 'मिताक्षरा' विज्ञानेश्वराने चालुक्यांच्या कल्याणीत, म्हणजे आजच्या बसवकल्याणात लिहिली. पुढे मराठी मुलखात वतनाचे तंटे गोतसभेपुढे, म्हणजे भाऊबंद आणि गावकऱ्यांच्या सभेपुढे येत. निवाड्याचा महजर, म्हणजे निकालपत्र होई आणि त्यावर पाटील नांगराची निशाणी करी. अक्षर न येणाऱ्याचीही साक्ष कागदावर राहत असे, हे मोलाचं.

निजामाच्या राजवटीत हिंगोली परभणी जिल्ह्यात होती आणि सरकारी दफ्तर उर्दूत. घरात मराठीत बोलून झालेली वाटणी त्या दफ्तरापर्यंत पोचायला परक्या भाषेचा उंबरठा ओलांडावा लागे. तोंडी वाटण्या तोंडीच राहण्याचं हेही एक कारण. ज्यांच्यासमोर बांध पडला ती माणसं गेली, की नातवंडांच्या हाती उरतो तो सगळ्यांची नावं एकत्र असलेला सातबारा.

15 ऑगस्ट 2007 रोजी गृहमंत्री आर. आर. पाटील यांच्या पुढाकाराने महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली आणि गावबैठकीला सरकारी बळ मिळालं. ग्रामसभेने नेमलेल्या समितीपुढे दिवाणी, महसुली, फौजदारी तंटे येऊ लागले. जमीन पाहिलेल्या माणसांनी जमिनीचा तंटा मिटवावा, हे योग्यच होतं.

पण जुन्या बैठकीत एक मोठा अन्याय होता. तिथे बहिणी नसत. महाराष्ट्राने 1994 मध्ये आणि केंद्राने 2005 मध्ये मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क दिला. तरी आजही माहेरहून तिला बोलावणं येतं ते बरेचदा हक्कसोडपत्रावर सही करण्यापुरतं. तिला न विचारता झालेल्या समझोत्याला समझोता म्हणता येणार नाही.

सगळ्यांचं एकमत असेल तर जमीन महसूल संहितेच्या कलम 85 नुसार तहसीलदारच वाटणी करून देतो, कोर्टाची पायरी चढावी लागत नाही. मे 2025 मध्ये शेतजमिनीच्या वाटणीपत्राची नोंदणी फीही राज्य सरकारने माफ करायचं ठरवलं. आजोबांची तोंडी वाटणी ज्या घरांत अजून कागदावर आलेली नाही, त्यांनी जाणती माणसं हयात आहेत तोवर बहिणींसह एकत्र बसावं आणि विहिरीच्या पाळीसकट ती लिहून घ्यावी.