निकालाआधीची जप्ती

दिवाणी दाव्यात वसुली सुरू होते ती हुकूमनामा झाल्यावर. निकालाआधीची जप्ती हा या नियमाचा अपवाद आहे आणि तो अपवाद म्हणूनच वाचला पाहिजे. व्यवहारात मात्र पैशाच्या दाव्याला जप्तीचा अर्ज जोडून देण्याची सवय दिसते. प्रतिवादीची कोंडी झाली की तो तडजोडीला येईल, असा त्यामागचा हिशेब असतो. कायद्याला हा हिशेब मान्य नाही.

फुलचूर हे गोंदिया शहराला लागून असलेले गाव. समजा, तिथल्या एका राईस मिल मालकाकडे एका व्यापाऱ्याचे अठरा लाख रुपये थकले आहेत. व्यापाऱ्याने गोंदियाच्या न्यायालयात दावा लावला. तेवढ्यात मिल मालक रस्त्यालगतचा भूखंड विकतोय, असे त्याच्या कानावर आले. एवढ्यावर जप्ती मिळेल का?

उत्तर दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 च्या आदेश 38, नियम 5 मध्ये आहे. प्रतिवादी मालमत्तेची विल्हेवाट लावण्याच्या किंवा ती न्यायालयाच्या हद्दीबाहेर हलवण्याच्या बेतात आहे, हे दाखवावे लागते. त्याहून महत्त्वाचे म्हणजे, संभाव्य हुकूमनाम्याची अंमलबजावणी अडवण्याचा किंवा लांबवण्याचा हेतू त्यामागे आहे, हेही दाखवावे लागते. विक्री आणि हेतू या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. मिल मालकाने बँकेचे कर्ज फेडायला भूखंड विकायला काढला असेल, तर विक्री खरी असूनही हेतू सिद्ध होत नाही. ‘प्रतिवादी मालमत्ता विकणार असल्याचे समजते’ असे मोघम शपथपत्र म्हणूनच टिकत नाही. कोणाला, कधी, किती किमतीला आणि ही माहिती कोणाकडून मिळाली, हे त्यात यायला हवे.

‘रमण टेक’ प्रकरणात (2007) सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले. दाव्यात सकृद्दर्शनी तथ्य असणे पुरेसे नाही आणि बिनतारणी कर्जाचे तारणी कर्जात रूपांतर करणे हा या नियमाचा उद्देश नाही, असे न्यायालयाने म्हटले. माझ्या मते जप्तीच्या अर्जावर युक्तिवाद करण्याआधी प्रत्येक वकिलाने हा निर्णय वाचावा.

हेतू दिसला तरी जप्ती थेट होत नाही. आधी प्रतिवादीला मुदत देऊन तारण द्या किंवा कारण दाखवा, असे सांगावे लागते. सोबत सशर्त जप्ती करता येते. ही पायरी वगळली तर जप्ती शून्यवत ठरते, असे पोटनियम 4 सांगतो. पुरेसे तारण दिले की जप्ती उठते.

धानाच्या मुलखात नियम 12 विशेष महत्त्वाचा आहे. शेतकऱ्याच्या ताब्यातले शेतीउत्पन्न निकालाआधी जप्त करता येत नाही. शेतकऱ्याच्या कोठीतल्या धानाला हे संरक्षण आहे. तेच धान विकले जाऊन मिलच्या गोदामात पडले की ते मिल मालकाचा माल होतो आणि संरक्षण संपते. मिल मालकाने माल सीमेपलीकडे बालाघाटला हलवला असेल, तर कलम 136 प्रमाणे तिथल्या जिल्हा न्यायालयाकडे आदेश पाठवावा लागतो. शेतकऱ्याची अवजारे, बैल आणि बियाणे तर कलम 60 मुळे हुकूमनाम्यानंतरही जप्तीबाहेरच राहतात.

स्थावर मालमत्तेची जप्ती ताबा न घेता होते. विक्रीला मनाई करणारा आदेश निघतो, दवंडी पिटली जाते. आदेशाची प्रत जागेवर आणि न्यायालयात लागते. जमीन शेतसाऱ्याची असेल तर जिल्हाधिकारी कार्यालयात आणि गावात असेल तर ग्रामपंचायतीतही लागते. फुलचूरच्या भूखंडावर नजर ठेवणाऱ्या गिऱ्हाइकाने सातबारा पाहून थांबू नये, ग्रामपंचायतीचा फलकही वाचावा.

या जप्तीने वादीला मालमत्तेत कोणताही हक्क मिळत नाही. प्रतिवादीच्या हाताला बांध पडतो, एवढेच. जप्तीनंतर केलेले खासगी हस्तांतरण वादीच्या दाव्यापुरते निरर्थक ठरते. मात्र नियम 10 नुसार इतरांचे आधीचे हक्क अबाधित राहतात. हमदा अम्मल प्रकरणात (1991) खरेदीखत जप्तीआधी झाले होते, नोंदणी नंतर. सर्वोच्च न्यायालयाने खरेदीदाराच्या बाजूने कौल दिला. हुकूमनामा झाल्यावर पुन्हा जप्ती करावी लागत नाही, पण पैसे वाटताना या वादीला इतर धनकोंवर अग्रक्रमही मिळत नाही.

पुरेशा कारणाशिवाय जप्ती मिळवणाऱ्या वादीला कलम 95 खाली पन्नास हजार रुपयांपर्यंत भरपाई द्यावी लागू शकते. मोठ्या मिलचा माल महिनाभर अडकला, तर ही रक्कम फारच तोकडी आहे. ती वाढवली पाहिजे.

वादीनेही एक गोष्ट लक्षात ठेवावी. दावा गैरहजेरीत निकाली निघाला तर जप्ती जाते आणि दावा पुन्हा पटावर घेतला गेला, तरी ती आपोआप जिवंत होत नाही. तारखा चुकवू नका.