सळई कोणी फिरवली?

सण म्हटला की प्रत्येक समाजाची एखाद्या पदार्थावर श्रद्धा जडलेली असते. आपल्याकडे चकली-करंजीवाचून दिवाळी होत नाही. त्याचप्रमाणे इंग्रज कुटुंबाला मोठ्या सणाच्या दिवशी, आणि ऐपत असेल तर दर रविवारी दुपारी, भाजलेल्या मांसाचा अखंड तुकडा मेजावर आल्यावाचून चैन पडत नसे. हे मांस बहुधा गाईबैलाचे. आपल्यातील पुष्कळांच्या पानाशी त्याचा संबंध नाही. पण त्याची कथा मात्र चूल असलेल्या प्रत्येक घराने ऐकावी अशी आहे.

या तुकड्यांत मानाचा एक तुकडा बरगड्यांसकट काढलेला. अमेरिकेत त्याला ‘प्राइम रिब’ म्हणतात. पाठीकडच्या या स्नायूंना जनावराच्या हयातीत फारसे कष्ट पडत नाहीत, म्हणून ते मऊ राहतात. मांसात चरबीच्या बारीक रेषा असतात; त्या विरघळून आतला भाग ओलसर राहतो. खालची हाडे तिवईसारखी आधाराला असतात. भाजून काढल्यावर वीस मिनिटे तरी सुरी लावायची नाही, हा जाणत्यांचा नियम. घाई केली तर सारा रस ताटात वाहून जातो. मग घरच्या कर्त्या पुरुषाने उभे राहून काप काढायचे आणि एकेकाच्या ताटात वाढायचे. हा मान त्याचा.

भाजण्याचे श्रम मात्र त्याचे नव्हेत! आज हे काम बंद भट्टीत होते. जुन्या काळी भाजणे म्हणजे उघड्या आगीसमोर भाजणे. मांस लांब लोखंडी सळईत ओवून आगीच्या वर नव्हे, तर समोर टांगायचे आणि तासन् तास फिरवत राहायचे. हात थांबला की एक बाजू करपली आणि दुसरी कच्ची राहिली. खाली परात ठेवून गळणारी चरबी धरायची. पुढे त्याच परातीत पीठ कालवून ओतू लागले. हॅना ग्लास या बाईंनी 1747 साली आपल्या पाकपुस्तकात ‘यॉर्कशायर पुडिंग’ म्हणून जो पदार्थ दिला, तो हाच.

तर मग सळई फिरवीत कोण असे? मोठ्या वाड्यांतून या कामाला पोरे असत. आगीसमोर अंगाची लाही होई, तेव्हा अंगावर कपडा कोण ठेवील? आठव्या हेन्री राजाच्या दरबाराने 1526 साली नियमच केला, की मुदपाकखान्यातील पोऱ्यांनी उघडेनागडे वावरू नये आणि रात्रंदिवस चुलीपाशी पडून राहू नये. आग मात्र होती तशीच राहिली.

पुढे अनेक ठिकाणी पोरांच्या जागी कुत्री आली. लांब अंगाची, आखूड वाकड्या पायांची एक जातच या कामासाठी पाळीत. भिंतीवर उंच बसवलेल्या लाकडी चाकात कुत्र्याला कोंडायचे. तो आत चालू लागला की चाक फिरे आणि दोरीने जोडलेली सळईही फिरे. जॉन कीझ या वैद्याने 1570 साली इंग्लंडातील कुत्र्यांवर लॅटिनमध्ये पुस्तक लिहिले, त्यातही हा राबणारा कुत्रा आहे. वजनावर चालणारी यंत्रे घरोघर आली, तेव्हा त्याची सुटका झाली, आणि त्याबरोबर ती जातही नाहीशी झाली.

गौरव झाला तो मांसाचा. हेन्री फील्डिंगने 1731 साली आपल्या नाटकात त्याच्या स्तुतीचे गाणे घातले. ते राष्ट्रगीतासारखे गाजले. स्वीडनचा पेर काल्म 1748 साली इंग्लंडात आला. मांस भाजण्यात इंग्रजांसारखे तरबेज लोक विरळा, असे त्याने लिहिले. आणि त्यात नवल ते काय, त्यांची पाककला याच्या फार पुढे जातच नाही, असा चिमटाही काढला. त्याच वर्षी विल्यम होगार्थने प्रसिद्ध चित्र काढले: फ्रान्समधील कॅले शहराच्या वेशीपाशी एक आचारी मांसाचा अगडबंब तुकडा उचलून चालला आहे, आणि पातळ सूप पिणारे फ्रेंच शिपाई आशाळभूतपणे पाहत आहेत. इंग्रज सुखी आणि पोटभर जेवणारा, असा त्याचा अर्थ.

पण सगळे इंग्रज पोटभर जेवत होते काय? शहरातील गरिबाच्या खोलीत एवढी आग पेटवण्यासारखी चूल नव्हती. सणाच्या दिवशी पाववाल्याच्या भट्ट्या पावापासून मोकळ्या असत. तेथे तो आपले मांस किंवा बदक झाकून नेई, चार पैसे देऊन भाजून आणी. डिकन्सच्या 1843 सालच्या नाताळकथेत क्रॅचिट कुटुंबाचे बदक असेच पाववाल्याकडून येते. त्याआधी सर अँड्र्यू ॲग्न्यू यांनी रविवार पाळण्यासाठी पार्लमेंटात विधेयके आणली होती. ती संमत होती तर या भट्ट्याही बंद पडत्या. श्रीमंताची चूल त्याच्या घरातच! तिला कोण हात लावणार? डिकन्सने 1836 साली या विधेयकाविरुद्ध पुस्तिका लिहिली, ती याच रागाने. विधेयके बारगळली.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस एक पेनी टाकताच चालू होणारा गॅस मजुरांच्या घरी पोहोचला, भाड्याच्या गॅसचुली आल्या, आणि रविवारचा तुकडा स्वतःच्या घरात भाजता येऊ लागला. जुने खवय्ये कुरकुरत, की बंद भट्टीतले हे भाजणे खरे नव्हेच. त्यांची चव बुडाली असेल. पण सळईपुढचा हात सुटला.

मग युद्ध आले. 11 मार्च 1940 पासून मांसाचे रेशनिंग सुरू झाले, तेही किमतीवर: आठवड्याला माणशी 1 शिलिंग 10 पेन्स. युद्ध संपल्यावरही ते चालूच राहिले. 1951 साली हा वाटा 8 पेन्सवर उतरला. घरातल्या सर्वांचा वाटा एकत्र करून रविवारी लहानसा तुकडा आणावा आणि गृहिणीने त्याचे काप पातळ पातळ काढवून घ्यावेत, अशी गत. मात्र या वाट्यात सरदार आणि हमाल यांना कायद्याने सारखीच रक्कम होती. 4 जुलै 1954 रोजी रेशनिंग उठले; त्या दिवशी लंडनचा स्मिथफील्ड मांसबाजार पहाटेची वाट न पाहता मध्यरात्रीच उघडला.

होगार्थच्या चित्रातला तो तुकडा आज लंडनच्या टेट संग्रहात आहे. सळई फिरवणाऱ्यांपैकी एक कुत्रा वेल्समधील ॲबर्गेवेनीच्या संग्रहालयात पेंढा भरून काचेआड उभा आहे. पोऱ्यांच्या वाट्याला आला तो कपडे घालण्याचा नियम.