पाठीवरची रसद आणि आकाशातून उतरणारी रसद

आपल्या जालना जिल्ह्याच्या उत्तर भागात खेळणा व जुई या दोन नद्यांच्या बेचक्यात असई हे लहानसे गाव आहे. 23 सप्टेंबर 1803 रोजी येथे दौलतराव शिंदे व दुसरे रघूजी भोसले यांच्या फौजांशी इंग्रज सेनापती वेलस्लीची लढाई झाली. त्या दिवसाचे शौर्य सर्वांच्या परिचयाचे आहे. परंतु त्या मोहिमेत सैन्याच्या पोटास धान्य कसे पोहोचत होते, याचा विचार क्वचितच होतो. बैलांच्या पाठीवर गोण्या लादून तळामागून तळ गाठणारे बंजारे हेच त्या काळच्या लष्कराचे खरे अन्नदाते होत. बैल थकला की फौज थांबे. नदीस पूर आला की रसद अलीकडच्या तीरावर अडकून पडे. सैन्याची धाव ही बैलाच्या धावेहून अधिक असू शकत नसे.

या बंधनातून सैन्यास प्रथम मोठ्या प्रमाणावर मुक्त केले ते दुसऱ्या महायुद्धातील ब्रह्मदेशाच्या आघाडीने. तेथील डोंगर, अरण्ये व पावसाळा यांपुढे रस्ते हतबल झाले, तेव्हा डाकोटा विमानांतून रसद टाकण्याचा उपक्रम हाती घेण्यात आला. वाचकांस वाटेल की विमानातून पोते ढकलले की काम संपले. वस्तुतः खरे काम विमान उडण्यापूर्वीच होत असे. तांदळाची पोती छत्रीवाचून टाकावयाची असल्यास एका पोत्यावर दुसरे सैल पोते चढवीत, म्हणजे आघाताने आतील पोते फाटले तरी धान्य बाहेरच्यात राही. दारूगोळा व औषधे यांस मात्र हवाई छत्री अनिवार्य होती. लांब मेजावर छत्रीचे कापड पसरून, घड्या क्रमाने घालून, दोऱ्यांचा गुंता होणार नाही अशा रीतीने ती बांधावी लागे. एक दोरी चुकीची पडली तर छत्री उमलत नसे आणि खाली वाट पाहणाऱ्यांस चेंदामेंदा झालेल्या पेट्याच मिळत.

रेशमी व सुती छत्र्यांचा तुटवडा पडला तेव्हा सेनापती स्लिम यांच्या प्रेरणेने बंगालच्या तागापासून छत्र्या तयार करण्यात आल्या. नेहमीच्या छत्रीस 20 पौंडांहून अधिक खर्च येई. तागाची छत्री सुमारे 1 पौंडात होई.

परंतु उत्तम बांधणीनेही सर्व साधत नाही, हे मार्च 1944 मध्ये संगशाक येथे दिसून आले. मणिपुरातील त्या उघड्या टेकडीवर 50 व्या भारतीय पॅराशूट ब्रिगेडबरोबर पाचव्या मराठा लाइट इन्फन्ट्रीची चौथी पलटण जपान्यांच्या वेढ्यात सापडली होती. टेकडीवर पाण्याचा पुरेसा साठा नव्हता. विमाने आली, छत्र्याही उमलल्या. पण जागा इतकी अरुंद की पुष्कळसे सामान शत्रूच्या हाती पडले. याचा हिशेब सोपा आहे. ताशी 120 मैल वेगाने जाणारे विमान एका सेकंदात सुमारे 54 मीटर पुढे जाते. तेव्हा ढकलणाऱ्याचा हात दोन सेकंद उशिरा हलला, तर गठ्ठा 100 मीटरांहून अधिक दूर पडतो. वाऱ्याने होणारे वहन निराळेच! तहानलेल्या जवानांनी आपल्याच नावाने आलेले पाणी व गोळ्या दुसऱ्याच्या पदरात पडताना पाहिल्या, तरी ते लढत राहिले. 26 मार्चच्या रात्री त्यांना ते ठिकाण सोडावे लागले. मात्र त्यांनी शत्रूस अडवून धरलेले दिवस इंफाळच्या बचावास अमोल ठरले.

1962 साली ईशान्य सीमेवर त्सांगधर येथेही टाकलेले पुष्कळ सामान दऱ्यांत नाहीसे झाले. या कटु अनुभवांनंतर 11 डिसेंबर 1971 चा दिवस उजाडला. त्या दिवशी पूर्व बंगालमधील टांगाईलजवळ दुसरी पॅराशूट पलटण उतरली. ही पलटण मूळची मराठा लाइट इन्फन्ट्रीचीच होय. तिच्याबरोबर तोफा व जीपगाड्याही छत्र्यांनी उतरविण्यात आल्या. असे जड सामान फळीवर घट्ट आवळावे लागते, त्याचा भार मध्यभागी तोलावा लागतो आणि आघात शोषण्यासाठी खाली उशीसारखा थर द्यावा लागतो. तेथेही काही सामान तळ्यांत पडले. परंतु गावकरी धावून आले, त्यांनी ते शोधण्यास व वाहण्यास हातभार लावला आणि पलटणीने लोहजंग नदीवरील पूंगली पूल हस्तगत केला. म्हणजे आकाशातून आलेल्या रसदेलाही अखेर माणसाच्या पाठीचाच आधार घ्यावा लागला!

असईचा बंजारा आणि छत्री बांधणारा शिपाई यांच्यामध्ये दीड शतकाचे अंतर आहे. पण दोघांचा धर्म एकच. तो म्हणजे आपल्या न दिसणाऱ्या बंधूस त्याचा घास वेळेवर व त्याच्याच हाती पोहोचविणे. विजयस्तंभावर अशांची नावे कोरली जात नाहीत. आपल्या ज्ञातिबांधवांपैकी ज्यांच्या घरातील वडीलधाऱ्यांनी सैन्याच्या पुरवठा खात्यात चाकरी केली असेल, त्यांनी त्यांच्या आठवणी वेळीच लिहून ठेवाव्यात, एवढीच नम्र विनंती. लढणाऱ्यांचा इतिहास लिहिणारे पुष्कळ आहेत. पोसणाऱ्यांचा इतिहास घरच्यांनीच जपला पाहिजे.