फुटलेल्या याद्यांची वंशावळ

परवलीचा शब्द सैन्याच्या छावणीइतकाच जुना असावा. ख्रिस्तपूर्व दुसऱ्या शतकात पॉलिबियसने रोमन सैन्याची जी व्यवस्था लिहून ठेवली, तीत रात्रीचा शब्द लाकडी पाटीवर लिहिला जाई आणि तुकडीतुकडीतून फिरून अंधार पडण्यापूर्वी ती पाटी अधिकाऱ्याकडे परत येई. एखादी आली नाही, तर ती कुठे अडकली हे पाट्यांवरच्या खुणांवरून तत्काळ कळे. पुढे संगणकाने हा शब्द उचलला, त्याला मुक्कामी करून टाकले आणि साऱ्यांचे शब्द एकाच यादीत मांडले. आपली गोष्ट त्या यादीची आहे.

१९६१ मध्ये अमेरिकेतील एमआयटीत फर्नांडो कोर्बाटो यांनी एकच संगणक अनेकांना एकाच वेळी वापरता येईल अशी व्यवस्था उभी केली. प्रत्येकाचे काम खाजगी राहावे म्हणून पासवर्ड आले, आणि ते सगळे एका फायलीत जसेच्या तसे ठेवले गेले. पुढच्याच वर्षी यादी फुटली. अ‍ॅलन शेर या संशोधकाला आठवड्याला मिळणारे संगणकाचे चार तास पुरत नव्हते. त्याने शुक्रवारी रात्री ती फाईल छापून मिळावी अशी मागणी पंच कार्डावर टाकली आणि शनिवारी सकाळी छापील कागद निवांत उचलून आणले. पाप वाटून घ्यावे म्हणून इतरांनाही दिले. काही वर्षांनी तर चोराचीही गरज उरली नाही. दोन व्यवस्थापक एकाच वेळी बसले होते. एक पासवर्डची फाईल दुरुस्त करत होता, दुसरा रोजच्या सूचनेची. प्रोग्राम तात्पुरत्या फायलीला नेहमी एकच नाव देई. दोन्हींची अदलाबदल झाली, आणि लॉग-इन करणाऱ्या प्रत्येकासमोर सूचनेऐवजी सगळ्यांचे पासवर्ड टंकून येऊ लागले.

उपाय केंब्रिजमध्ये सापडला. पासवर्ड न साठवता त्यावर एकेरी गणित करून निघालेले उत्तरच, म्हणजे ‘हॅश’, ठेवायचे, ही रॉजर नीडम यांची युक्ती. उत्तरावरून मूळ शब्द उलगडत नाही. १९७९ मध्ये रॉबर्ट मॉरिस आणि केन थॉम्प्सन यांनी युनिक्सच्या अनुभवावर निबंध लिहिला आणि प्रत्येक पासवर्डात वेगळी अक्षरे मिसळण्याची पद्धत मांडली. पण त्यांनी गोळा केलेल्या ३,२८९ पासवर्डांपैकी ८६ टक्के सहज ओळखता येण्याजोगे निघाले. गणित भक्कम झाले, माणूस होता तिथेच राहिला. नियतीचा विनोद असा, की १९८८ साली इंटरनेट ठप्प करणारा ‘वर्म’ म्हणजे स्वतःच पसरणारा प्रोग्राम सोडला तो याच मॉरिस यांच्या मुलाने, आणि पासवर्ड ओळखण्यासाठी त्यात ४३२ शब्दांची यादी भरलेली होती.

खरे वळण डिसेंबर २००९ मध्ये आले. ‘रॉकयू’ या कंपनीकडून सुमारे ३.२ कोटी पासवर्ड चोरीला गेले, तेही साध्या मजकुरात. एमआयटीचा धडा जवळपास अर्धशतकानंतरही या कंपनीने गिरवला नव्हता. त्यात ‘१२३४५६’ हा एकच पासवर्ड २ लाख ९० हजार लोकांनी निवडला होता. त्या दिवसापासून अंदाज बांधण्याची गरज संपली, कारण माणसे खरोखर काय निवडतात हे लाखोंच्या संख्येने हाती आले, आणि ती यादी आजही पासवर्ड फोडण्याच्या साधनांसोबत मिळते. पुढचा धोका पासवर्डला ईमेल जोडल्याने वाढला. एका जागी फुटलेली जोडी यंत्राने शेकडो संकेतस्थळांवर लावून पाहायची, इतकेच काम. २०१२ मध्ये दुसरीकडून चोरलेल्या पासवर्डनेच ड्रॉपबॉक्सच्या एका कर्मचाऱ्याचे खाते उघडले गेले. त्याच वर्षी लिंक्डइनमधून ६५ लाख हॅश बाहेर आल्याचे जाहीर झाले; २०१६ मध्ये बाजारात आलेली यादी ११ कोटींच्या वर होती. मधली चार वर्षे उरलेल्या खातेदारांना पत्ताच नव्हता.

या अंधाराला उत्तर म्हणून ऑस्ट्रेलियाच्या ट्रॉय हंट यांनी २०१३ च्या डिसेंबरात फुटलेल्या ईमेलांचा शोध घेणारी सेवा सुरू केली. २०१७ पासून तिथे पासवर्डही तपासता येतो, आणि २०१८ पासून तर तो न पाठवता: आपल्या संगणकावरून हॅशची पहिली पाच अक्षरेच पाठवली जातात, तिकडून त्या पाचांनी सुरू होणारे सगळे हॅश परत येतात, आणि आपला त्यांत आहे का हे आपल्याच यंत्रावर ठरते.