होम लोनची खरी किंमत : ३० लाखांच्या कर्जाचे ६२ लाख कसे होतात?

घर घ्यायचे ठरले की आपल्याकडे पहिला प्रश्न हप्त्याचा असतो. "महिन्याला किती बसेल?" एजंट एक आकडा सांगतो, घरातले तो पगाराशी जुळवून पाहतात आणि जमतंय म्हटलं की सह्या होतात. वीस वर्षांत एकूण किती पैसे जाणार, हे क्वचितच कोणी विचारतं. खरं तर घराची किंमत त्याच आकड्यात असते.

इस्लाममध्ये व्याज हराम आहे, हे वाचकांना नव्याने सांगायला नको. सूरह अल-बकराच्या २७५ व्या आयतीपासून पुढे याचा स्पष्ट उल्लेख आहे. मजबुरीत होम लोन घेता येते का, हा उलमांचा विषय आहे आणि तो आपल्या भागातील मुफ्तींनाच विचारावा. हा लेख फतवा नाही, हिशेब आहे. आपल्यातल्या अनेक कुटुंबांनी कर्ज घेतलेले आहे, काही घेण्याच्या विचारात आहेत. ज्यांनी घेतले त्यांना लवकर बाहेर पडण्यासाठी आणि ज्यांनी घेतले नाही त्यांना निर्णयाआधी हा हिशेब उपयोगी पडेल. त्याच सूरहच्या २८२ व्या आयतीत कर्जाचा व्यवहार नीट लिहून ठेवण्याची ताकीद आहे. न वाचता सही करणे त्या शिकवणीतही बसत नाही.

हप्त्यात असतं काय?

समजा, मुंब्र्यात किंवा कोंढव्यात ४० लाखांचा फ्लॅट पाहिला. १० लाख स्वतःचे, ३० लाख बँकेचे. व्याजदर ८.५ टक्के, मुदत २० वर्षे. हप्ता बसतो सुमारे २६,०३५ रुपये. असे २४० हप्ते, म्हणजे एकूण ६२ लाख ४८ हजार. यात मुद्दल ३० लाख आणि व्याज ३२ लाख ४८ हजार. मुद्दलापेक्षा व्याज जास्त!

व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर मोजले जाते. सुरुवातीला शिल्लक मोठी, म्हणून व्याजही मोठे. पहिल्या हप्त्यातले २१,२५० रुपये व्याजात जातात आणि मुद्दल कमी होते फक्त ४,७८५ रुपयांनी. मुद्दल सावकाश उतरते, तसा व्याजाचा वाटा कमी होतो. पण त्याला किती वेळ लागतो ते बघा :

१ वर्षानंतर : भरले ३.१२ लाख, मुद्दल कमी झाले सुमारे ६० हजार.
५ वर्षांनंतर : भरले १५.६२ लाख, मुद्दल कमी झाले ३.५६ लाख.
१० वर्षांनंतर : भरले ३१.२४ लाख, मुद्दल कमी झाले ९ लाख.

दहा वर्षांत घेतलेल्या कर्जापेक्षा जास्त पैसे भरून झाले, तरी २१ लाखांची बाकी उभीच असते. अर्धे मुद्दल फिटायला जवळपास १४ वर्षे लागतात. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायलाच १२ वर्षांच्या आसपास जातात. सात-आठ वर्षांनी घर विकायला निघालेल्या माणसाला "इतके भरले, तरी बँकेची बाकी एवढी कशी?" असा धक्का बसतो, त्याचे कारण हेच.

मुदत वाढवली की हप्ता थोडा उतरतो, व्याज खूप चढतं

तेच ३० लाख, तोच ८.५ टक्के दर. फक्त मुदत बदलू :

१५ वर्षे : हप्ता २९,५४२, एकूण व्याज २३.१८ लाख.
२० वर्षे : हप्ता २६,०३५, एकूण व्याज ३२.४८ लाख.
३० वर्षे : हप्ता २३,०६७, एकूण व्याज ५३.०४ लाख.

वीसऐवजी तीस वर्षे केली तर महिन्याला सुमारे तीन हजार वाचतात, पण व्याज साडेवीस लाखांनी वाढते. उलट पंधरा वर्षांसाठी महिन्याला साडेतीन हजार जास्त काढता आले तर सव्वानऊ लाख वाचतात. एजंट "हप्ता कमी करून देतो" म्हणाला तर आधी विचारा, मुदत किती वाढली?

व्याजदर वाढला तेव्हा काय झालं?

आपल्याकडची बहुतेक होम लोन फ्लोटिंग दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली नवी फ्लोटिंग होम लोन रेपो रेटसारख्या बाहेरच्या दराशी जोडलेली आहेत. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो रेट ४ वरून ६.५ टक्क्यांवर नेला. तेव्हा अनेकांचा हप्ता तोच राहिला, म्हणून त्यांना काही जाणवले नाही. बँकेने मुदत वाढवून टाकली होती.

वरच्याच उदाहरणात एका वर्षानंतर दर ८.५ वरून १० टक्के झाला असे धरू. हप्ता २६,०३५ च ठेवला तर त्यातले सुमारे २४,५०० व्याजात जातात. राहिलेले २२८ हप्ते ३४१ च्या पुढे जातात. म्हणजे साडेनऊ वर्षांच्या आसपास जादा हप्ते, सुमारे २९ लाख रुपये! त्याऐवजी हप्ता २८,८५२ केला असता तर मुदत तीच राहिली असती आणि जादा खर्च साडेसहा लाखांच्या आत बसला असता.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर नियम केला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे निवडण्याचा हक्क ग्राहकाला आहे. बँकेच्या धोरणानुसार फिक्स्ड दराकडे जाण्याचा पर्यायही बँक देऊ शकते. शिवाय दर तिमाहीला भरलेले मुद्दल, भरलेले व्याज, उरलेले हप्ते आणि दर यांचे स्टेटमेंट मिळाले पाहिजे. आज तुमचे किती हप्ते उरलेत हे माहीत नसेल तर ते स्टेटमेंट काढून बघा.

आपल्या वस्त्यांचा वेगळा भुर्दंड

२००६ च्या सच्चर समितीच्या अहवालात नोंद आहे की काही बँका ठरावीक भागांना "निगेटिव्ह झोन" मानतात आणि तिथे सहज कर्ज देत नाहीत. कागदपत्रे कच्ची असलेल्या इमारती, पगारपत्रक नसलेला धंदा ही कारणेही असतात. मग कुटुंब जादा दराच्या फायनान्स कंपनीकडे जाते. ३० लाख, २० वर्षे आणि दर ११ टक्के असेल तर हप्ता ३०,९६६ आणि व्याज ४४.३२ लाख होते. ८.५ टक्क्यांच्या तुलनेत हे पावणेबारा लाखांनी जास्त आहे.

म्हणून धंदेवाल्यांनी किमान दोन-तीन वर्षे आयकर विवरण नियमित भरावे, सिबिल स्कोअर सांभाळावा आणि मंजूर नकाशा व भोगवटा प्रमाणपत्र असलेलीच इमारत पाहावी. यात फक्त कर्ज मिळण्याचा फायदा नाही, घर सुरक्षित राहण्याचाही आहे. आधीच जादा दराचे कर्ज चालू असेल तर कमी दराच्या बँकेत ट्रान्स्फर करता येते का, ते पाहावे. शिल्लक मुदत मोठी असेल तेव्हाच याचा खरा फायदा होतो. ट्रान्स्फर करताना मुदत पुन्हा वीस वर्षांची करून घेऊ नका.

हप्त्याबाहेरचे खर्च

स्टँप ड्युटी : महाराष्ट्रातल्या मोठ्या शहरांत साधारण ६ ते ७ टक्के. घर फक्त महिलेच्या नावावर असेल तर १ टक्का सवलत मिळते. ४० लाखांच्या घरावर ७ टक्क्यांनी २.८० लाख, शिवाय ३० हजार नोंदणी फी. बँक कर्ज ठरवताना हा खर्च सहसा धरत नाही, तो स्वतःच्या खिशातून जातो.

प्रोसेसिंग फी : त्यावर १८ टक्के जीएसटी, शिवाय वकिलाचा व मूल्यांकनाचा खर्च, गहाणखताचा स्टँप.

कर्जाचा विमा : एकरकमी प्रीमियम पुष्कळदा कर्जातच मिसळतात. १ लाखाचा प्रीमियम ८.५ टक्क्यांनी वीस वर्षांत २ लाख ८ हजारांना पडतो. ठरावीक कंपनीचाच विमा घ्या, अशी सक्ती बँकेला करता येत नाही.

बांधकाम चालू असलेला फ्लॅट : ताबा मिळेपर्यंत दिलेल्या रकमेवर फक्त व्याज भरावे लागते. १५ लाख दिले गेले असतील तर महिन्याला १०,६२५ रुपये, दोन वर्षांत २.५५ लाख. यातून मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही, वर घरभाडेही चालूच असते.

एजंट "टॅक्स वाचतो" असे सांगतो. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीत मिळते, नव्या प्रणालीत नाही. आणि मिळते तेव्हाही पूर्ण व्याज परत येत नाही, त्यावरचा टॅक्स तेवढा वाचतो.

दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. वीस वर्षांनंतरच्या २६ हजारांची किंमत आजच्या २६ हजारांइतकी नसेल आणि घराचे मालक झाल्यावर भाडे वाचते. म्हणून त्याच घराचे आजचे भाडे आणि हप्ता यांची तुलना जरूर करा. भाडे १० हजार आणि हप्ता २६ हजार असेल, तर मधले १६ हजार दर महिन्याला बाजूला टाकून काही वर्षांत कर्ज किती लहान करता येईल, हा हिशेब घरात बसून मांडा.

कर्ज चालू असेल तर लवकर कसे सुटाल?

वैयक्तिक फ्लोटिंग होम लोन मुदतीआधी फेडल्यास दंड घेता येत नाही. पैसे कुठून आले, हेही कारण चालत नाही. याचा फायदा घ्या.

पहिल्या वर्षाच्या शेवटी १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर पुढचे १८ हप्ते कमी होतात. म्हणजे एका लाखामागे सुमारे ३ लाख ७० हजारांचे व्याज वाचते. हेच एक लाख पंधराव्या वर्षी भरले तर फायदा फार थोडा. दरवर्षी एक हप्ता जादा भरला तरी वीस वर्षांचे कर्ज सतरा वर्षांच्या आत संपते आणि साधारण ६ लाख वाचतात. जादा रक्कम भरताना बँकेला लेखी कळवा : "हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा."

बोनस, गावच्या जमिनीचा वाटा, आखातातल्या भावाने पाठवलेली रक्कम आली की आधी मुद्दलाकडे वळवा. नातेवाइकांनी कर्जे हसना दिले तर त्याचा याहून चांगला उपयोग नाही. फक्त तेही लिहून ठेवा आणि ठरल्याप्रमाणे परत करा.

कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळाली पाहिजेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे.

बिनव्याजी मार्ग आहेत का?

ब्रिटनसारख्या देशांत बँक आणि ग्राहक मिळून घर घेतात. ग्राहक बँकेच्या हिश्श्याचे भाडे देतो आणि तो हिस्सा हळूहळू विकत घेतो. भारतात १९४९ च्या बँकिंग कायद्यात बँकांना मालाची खरेदी-विक्री करण्यावर आणि स्थावर मालमत्ता ठेवण्यावर बंधने आहेत. २००८ च्या रघुराम राजन समितीने बिनव्याजी बँकिंगची शिफारस केली होती, पण रिझर्व्ह बँकेने २०१७ मध्ये हा प्रस्ताव पुढे न नेण्याचे ठरवले. जे नातेवाईक परदेशात असे घर घेतात, त्यांनीही एकूण किती द्यावे लागणार हे विचारलेच पाहिजे. तिथेही काळ वाढला की एकूण भाडे वाढते.

इथे उरतात ते लहान मार्ग : आधी छोटे घर, बिनव्याजी भिशी, भावंडांची भागीदारी, बिल्डरशी थेट हप्ते. हप्त्याने किंमत रोखीपेक्षा जास्त असली तरी ती सौद्याच्या वेळीच पक्की ठरली आणि उशिरासाठी वाढणार नसेल, तर बहुतेक उलमा असा व्यवहार जायज मानतात. करार मुफ्तींना आणि वकिलांना, दोघांनाही दाखवा.

मात्र "हलाल" नाव दिसले म्हणून बचत कोणाच्याही हवाली करू नका. बंगळुरूची आयएमए २०१९ मध्ये बुडाली, तेव्हा हजारो मुस्लिम कुटुंबांचे पैसे अडकले. घरासाठी साठवलेली रक्कम अशा स्कीममध्ये घालणे म्हणजे घरही गमावणे.

सही करण्याआधी

१ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या रिटेल कर्जासोबत "की फॅक्ट स्टेटमेंट" देणे बंधनकारक आहे. त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर आणि प्रत्येक हप्त्यातले मुद्दल-व्याज यांचा तक्ता असतो. ते तुम्हाला समजणाऱ्या भाषेत हवे, म्हणून मराठीत मागा. त्यात नसलेली फी तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय घेता येत नाही.

त्या कागदावर तीन आकडे शोधून त्यांच्याभोवती गोल करा : एकूण परतफेड, दहा वर्षांनंतरची शिल्लक आणि सर्व खर्चांसह दर. मग तो कागद घरी न्या आणि अम्मी-अब्बा, बेगम, कमावती मुलं सगळ्यांसमोर ठेवा. हप्ता घरातल्या सगळ्यांच्या तोंडातून जाणार आहे, तेव्हा आकडाही सगळ्यांना माहीत हवा. तो पाहूनही घर घ्यायचे ठरले, तर पहिल्या दिवसापासून मुद्दल लवकर उतरवण्याची तयारी ठेवा.