‘मणका सरकणे’ : एका वैद्यकीय संज्ञेचा अर्थेतिहास आणि जिंतूर परिसरातील तिचा व्यवहार

प्रस्तावना

परभणी जिल्ह्यातील जिंतूर परिसरात, किंबहुना संपूर्ण मराठवाड्यात, कंबरेच्या दुखण्याविषयी बोलताना तीन शब्दप्रयोग सर्रास कानी पडतात. ‘मणक्यात गॅप आलाय’, ‘गादी सरकली’ आणि ‘मणका सरकला’. बोलणारा हे तिन्ही प्रयोग एकाच अर्थाने करतो व ऐकणाराही ते तसेच स्वीकारतो. वैद्यकशास्त्राच्या दृष्टीने मात्र या तीन वेगवेगळ्या गोष्टी आहेत. त्यांपैकी तिसरीला, म्हणजे एक मणका त्याच्या खालच्या मणक्यावरून, बहुधा पुढच्या बाजूस, सरकण्याला, ‘स्पॉन्डिलोलिस्थेसिस’ अशी संज्ञा आहे. उच्चारास अवघड असल्याने ही संज्ञा रुग्णापर्यंत पोहोचत नाही आणि तिच्या जागी ‘गॅप’ हा शब्द येऊन बसतो. ही संज्ञा कोणत्या परिस्थितीत जन्मास आली, तिचा अर्थ कसा बदलत गेला आणि पूर्वीच्या निजामी राजवटीतील या तालुक्यात तिला स्थिर मराठी रूप का लाभले नाही, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

मणी, मोहरा आणि चाती

‘मणका’ हा शब्द ‘मणि’ या शब्दापासून आला. दोऱ्यात ओवलेल्या मण्यांची माळ ही पाठीच्या कण्याची मराठी माणसाने केलेली कल्पना होय. विशेष म्हणजे फारसीतील ‘मुहरा’ या शब्दाचेही मणी आणि मणका असे दोन्ही अर्थ आहेत. उर्दूत तोच ‘मोहरा’ झाला. मराठीत बुद्धिबळातील मोहरा व औषधी ‘जहरमोहरा’ या रूपांनी तो परिचित आहे. जिंतूर सप्टेंबर १९४८ पर्यंत हैदराबाद संस्थानात होते. कचेरीची भाषा उर्दू होती आणि शहरांतून युनानी हकिमांची परंपरा होती. त्यामुळे घरात ‘मणका’ म्हणणारा रुग्ण आणि ‘मोहरा’ म्हणणारा हकीम हे दोघे नकळत एकच प्रतिमा वापरत होते.

ग्रीक ‘स्पॉन्डिलॉस’ या शब्दामागील प्रतिमा निराळी आहे. मणका या अर्थाबरोबरच सूत कातण्याच्या चातीवरील वजनदार चकती आणि दगडी स्तंभाचा एकावर एक रचलेला गोल खंड हेही त्याचे अर्थ होते. कण्याकडे पाहताना मराठी व फारसी भाषकांस माळ दिसली, तर ग्रीकांस चाती व स्तंभ दिसला. माळेतील मणी सरकला तरी माळ तुटत नाही, पण स्तंभाचा एक खंड सरकला की वरचा सारा भार तिरका होतो. रोगाचे स्वरूप समजण्यास ग्रीक प्रतिमा अधिक उपयुक्त आहे, हे मान्य करावे लागते. गंमत अशी की ग्रीकांनी जी ‘चकती’ हाडाला दिली, तीच आजच्या मराठीने दोन मणक्यांमधील गादीला दिली आहे.

प्राचीन भारतीय वैद्यकात या रोगाचे तंतोतंत नाव शोधण्याचा मोह टाळणे इष्ट. सुश्रुतसंहितेत पाठीच्या ३० अस्थी सांगितल्या आहेत. भग्ननिदानात उत्पिष्ट, विश्लिष्ट, विवर्तित, अवक्षिप्त, अतिक्षिप्त व तिर्यक्क्षिप्त असे संधिमुक्ताचे सहा प्रकारही वर्णिले आहेत. त्यामुळे हाड जागेवरून ढळण्याची सूक्ष्म परिभाषा संस्कृतात निश्चितच होती. तथापि ती प्रामुख्याने आघाताने निखळलेल्या सांध्यांसाठी आहे. कंबर व पायाच्या दुखण्यासाठी कटिग्रह, गृध्रसी ही लक्षणवाचक नावे होती आणि युनानीतील ‘इर्कुन्निसा’ हे गृध्रसीच्या जवळचे नाव आहे. लक्षणावरून नाव देणारी परंपरा एकीकडे आणि हाडाच्या स्थितीवरून नाव देणारी दुसरीकडे, असा हा भेद आहे.

प्रसूतिगृहात जन्मलेली संज्ञा

ही संज्ञा अस्थिरोगतज्ज्ञांनी घडविली असावी असा स्वाभाविक समज होतो. वस्तुस्थिती तशी नाही. १७८२ मध्ये बेल्जियममधील प्रसूतितज्ज्ञ एर्बिनियो याने त्रिकास्थीच्या पुढे आलेल्या आणि प्रसूतीस अडथळा करणाऱ्या हाडाच्या उंचवट्याची नोंद केली. पुढे १८५४ मध्ये बॉन येथील प्रसूतिशास्त्राचा प्राध्यापक हेरमान फ्रीडरिश किलियान याने ‘स्पॉन्डिलॉस’ आणि सरकणे या अर्थाचा ‘ओलिस्थेसिस’ हे शब्द जोडून ही संज्ञा सिद्ध केली. त्याच्या लॅटिन ग्रंथाच्या शीर्षकातच हा विकार म्हणजे श्रोणी अतिशय अरुंद होण्याचे नुकतेच उघडकीस आलेले कारण असल्याचे म्हटले आहे. तेव्हा पाठदुखी हा या संज्ञेचा मूळ विषय नव्हताच. मूल बाहेर येण्याची वाट अडणे हा होता. मणका सरकल्याचे प्रथम जाणवले ते अडलेल्या बाळंतिणीच्या तपासणीत.

किलियानच्या मते शरीराच्या भाराने मणका हळूहळू घसरत जातो. दुसऱ्याच वर्षी, १८५५ मध्ये, रॉबर्ट याने मृतदेहाच्या कण्यावरील मऊ भाग काढून दाखवून दिले की मणक्याची मागील कमान अभंग असेल तर तो सहजासहजी पुढे सरकू शकत नाही. १८५८ मध्ये लाम्ब्ल याने त्या कमानीतील खंड दाखविला. या खंडालाच ‘स्पॉन्डिलोलायसिस’ म्हणतात. १८८० च्या दशकात नॉयगेबाउअर याने आणखी एक गुंतागुंत पुढे आणली. कमान न तुटता केवळ लांबली, तरीही मणका पुढे जाऊ शकतो. अवघ्या तीन दशकांत संज्ञा तीच राहिली आणि तिच्या पोटातील अर्थ मात्र तीनदा बदलला.

१८९५ मधील क्ष-किरणांच्या शोधानंतर जिवंत रुग्णाचा मणका दिसू लागला आणि ही संज्ञा प्रसूतिगृहातून अस्थिरोग विभागात आली. १९३२ मध्ये मेयरडिंग याने सरकण्याचे प्रमाण मोजण्याची सोपी पद्धत दिली. खालच्या मणक्याच्या पृष्ठभागाचे चार समान भाग करावेत. वरचा मणका एक चतुर्थांशापर्यंत पुढे गेला तर पहिली श्रेणी, निम्म्यापर्यंत दुसरी, याप्रमाणे चार श्रेणी. आजही अहवालात ‘ग्रेड वन’ असे लिहिलेले असते ते यावरूनच. त्याआधी १९३० मध्ये युंगहान्स याने कमान शाबूत असताना, सांध्यांच्या झिजेने होणाऱ्या सरकण्याला ‘मिथ्या’ हे उपपद लावले होते. उतारवयात व विशेषतः स्त्रियांत आढळणारा हा प्रकार काही काळ ‘खोटा’ ठरला, हे नामकरणाच्या इतिहासातील एक विचित्र प्रकरण आहे. विल्टसी, न्यूमन व मॅकनॅब यांनी १९७६ मध्ये केलेल्या वर्गीकरणात त्याला झीजजन्य म्हणून स्वतंत्र स्थान मिळाले. जन्मजात रचनादोष, कमानीतील खंड, आघात आणि हाडाचा रोग हे उरलेले चार प्रकार होत. कमानीतील खंडाचा प्रकार बहुधा कंबरेच्या पाचव्या मणक्यात, तर झीजजन्य प्रकार बहुधा चौथ्यात आढळतो. क्रिकेटमधील जलदगती गोलंदाजांच्या पाठीत होणारा ताणजन्य अस्थिभंग याच कमानीचा असतो. त्याची चर्चा वर्तमानपत्रांतून होते. खुरपणाऱ्या बाईच्या चौथ्या मणक्याची होत नाही.

‘गॅप’ या शब्दाचा प्रवेश

१९३४ मध्ये मिक्स्टर व बार यांनी दोन मणक्यांमधील गादी फुटून मज्जातंतूवर दाब आणते, हे सिद्ध केले. त्यानंतर ‘स्लिप डिस्क’ हा प्रयोग जगभर रूढ झाला. मराठीत त्याचे ‘गादी सरकणे’ झाले. वास्तविक गादी सरकत नाही, ती फुगते वा फुटते. सरकतो तो मणका. परंतु ‘सरकणे’ हे क्रियापद गादीने आधीच बळकावल्यामुळे मणक्याच्या सरकण्यासाठी स्वतंत्र शब्द उरला नाही.

‘गॅप’ची कथा याहून चमत्कारिक आहे. क्ष-किरण चित्रात हाड पांढरे दिसते व गादी दिसत नाही, त्यामुळे दोन मणक्यांत काळी फट दिसते. गादी झिजली की ही फट कमी होते. ‘गॅप कमी झाला’ हे डॉक्टरांचे वाक्य दवाखान्याच्या दारातून बाहेर पडेपर्यंत बहुधा ‘गॅप आला’ असे होत असावे. म्हणजे शब्दाने वस्तुस्थितीच्या नेमका उलट अर्थ धारण केला. खरा गॅप, म्हणजे लाम्ब्लने दाखविलेला कमानीतील खंड, या शब्दाच्या कक्षेत क्वचितच येतो. मानेच्या झिजेला सरसकट ‘स्पॉन्डिलायटिस’ म्हणण्याची रूढी याच जातीची आहे. ‘आयटिस’ हा प्रत्यय दाहाचा व ‘ओसिस’ झिजेचा, हा फरक मराठीत आलाच नाही.

परिभाषेची तुटलेली परंपरा

मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात १८६१ मध्ये देशी भाषांतून वैद्यक शिकविण्याचे वर्ग सुरू झाले होते. हैदराबाद संस्थानात १९१७ मध्ये भाषांतर विभाग स्थापन झाला व उस्मानिया विद्यापीठात आधुनिक वैद्यकही उर्दूतून शिकविले जाऊ लागले. मराठवाड्याच्या वाट्याला आलेली आधुनिक शरीरशास्त्राची पहिली देशी परिभाषा त्यामुळे उर्दू होती आणि बहुसंख्य मराठी शेतकरी तिच्या बाहेर होता. १९४८ नंतर ती परंपरा खंडित झाली. १९५६ मध्ये औरंगाबादला शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आले, ते इंग्रजी माध्यमाचे. १९६० मध्ये स्थापन झालेल्या भाषा संचालनालयाने परिभाषा कोशांचे काम हाती घेतले आणि ‘कशेरुका’सारखे संस्कृतनिष्ठ शब्द पाठ्यपुस्तकांत स्थिरावले. मात्र दवाखान्यात ‘कशेरुका’ कोणी म्हणत नाही. अर्धशतकाच्या आत मोहरा, कशेरुका व व्हर्टिब्रा असे तीन शब्द या भूमीवरून गेले, टिकला तो मणका.

शब्दाची किंमत

हा केवळ शब्दच्छल नव्हे. ‘गॅप’ म्हटले की तो बुजवावा, दाबून वा ओढून बसवावा अशी कल्पना आपोआप येते. पाठीत उसण भरली असता पायाळू माणसाकडून लाथ मारून घेण्याची जुनी समजूत महाराष्ट्रात आहे. स्नायूच्या उसणीत ती फारशी बाधत नसेल, परंतु कमान तुटलेल्या मणक्यावर असा आघात धोक्याचा ठरू शकतो. उलटपक्षी, पहिल्या-दुसऱ्या श्रेणीतील बहुतेक रुग्णांना शस्त्रक्रियेची गरज पडत नाही, तरीही ‘मणका सरकला’ या शब्दांनी भेदरून शेत विकण्याची भाषा सुरू होते.

स्त्रियांच्या बाबतीत प्रश्न अधिक बिकट आहे. झीजजन्य प्रकारात मज्जारज्जूची नलिका अरुंद झाली असेल तर उभे राहिल्याने व चालल्याने पाय भरून येतात आणि बसल्याने वा पुढे वाकल्याने आराम पडतो. त्यामुळे दिवसभर वाकून निंदणी करणारी बाई घरी परतताना बांधावर तीनदा बसते. ‘कामात दुखत नाही, मग चालताना कसे दुखते?’ हा प्रश्न तिला विचारला जातो व ते ढोंग समजले जाते. वास्तविक तिने सांगितलेले हे एक वाक्य रोगनिदानाचा मोठा पुरावा असते. ‘गॅप आलाय’ या तयार वाक्याखाली ते दडपले जाते.

शिवाय मराठीत ‘कंबर’ हा शब्द मणक्यापासून ओटीपोटापर्यंत सर्व काही व्यापतो. कंबरदुखीचा संबंध ‘पिशवी’शी, म्हणजे गर्भाशयाशी जोडण्याची प्रवृत्ती त्यातून बळावते. बीड जिल्ह्यातील ऊसतोड स्त्रियांच्या गर्भाशय-शस्त्रक्रियांचा प्रश्न २०१९ मध्ये राज्यभर गाजला व शासनाने चौकशी समिती नेमली. त्या प्रश्नाची आर्थिक व सामाजिक कारणे अनेक आहेत. तथापि कंबरेचे दुखणे नेमके कोठले, हे सांगण्यास भाषाच अपुरी पडते, या अंगाकडेही अभ्यासकांचे लक्ष जावयास हवे. गर्भाशयाबरोबर अंडाशयही काढलेल्या स्त्रियांत झीजजन्य मणका सरकण्याचे प्रमाण अधिक असल्याचे १९९५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जपानी संशोधनात आढळले आहे. किलियानच्या काळी सरकलेल्या मणक्याने प्रसूती अडत होती. येथे कंबरेसाठी म्हणून केलेली शस्त्रक्रियाच मणका सरकण्यास हातभार लावण्याची शक्यता आहे.

नवा शब्द घडविण्याची यासाठी आवश्यकता नाही. ‘मणका सरकणे’ हा प्रयोग बोलीत आहेच आणि तो किलियानच्या ग्रीक शब्दाचा शब्दशः प्रतिशब्दही आहे. गादीसाठी ‘फुगणे’ व ‘फुटणे’, कमानीसाठी ‘तडा’ आणि मणक्यासाठी ‘सरकणे’ अशी क्रियापदांची वाटणी मात्र काटेकोरपणे पाळावी लागेल. रुग्णाच्या हाती दिल्या जाणाऱ्या कागदावर इंग्रजी निदानाखाली ‘कंबरेचा चौथा मणका पाचव्यावर पुढे सरकलेला, श्रेणी पहिली, कमान शाबूत, लघवी-संडासवरील ताबा सुटल्यास त्वरित यावे’ एवढी एक ओळ मराठीत लिहिण्यास अर्ध्या मिनिटाहून अधिक वेळ लागत नाही.